मुलीला भारताकडून फुटबॉल खेळायचंय? आधी तिचे सामने मोजा

इस्लामपूरच्या एका ताईंनी विचारलंय. मुलगी १४ वर्षांची, नववीत शिकते, शाळेच्या संघात डाव्या विंगला, म्हणजे मैदानाच्या डाव्या कडेने, खेळते. यंदा जिल्ह्याच्या संघात निवड झाली, तेव्हापासून एकच घोशा लावलाय की मला भारताकडून खेळायचंय, दुसरं काही करायचं नाही. आजोबा आणि काका विरोधात, वडील गप्प. ताईंना जाणून घ्यायचंय की हे खरोखर करिअर आहे का, किती वर्षं चालतं, त्यात पोट भरतं का, शाळेचं काय करायचं आणि गुडघा गेला तर काय.

ताई, मी महाराष्ट्राकडून खेळले आणि गेली २२ वर्षं कोल्हापुरात मुलींना शिकवते. आमच्याकडे तालमींचा, म्हणजे पेठांतल्या फुटबॉल संघांचा, सामना असला की शाहू स्टेडियमवर पाय ठेवायला जागा नसते, पेठाच्या पेठा ओस पडतात. मुलींना मात्र मैदानाचा कोपरा मिळवायचा तर पहाटे उठून यावं लागतं. म्हणून तुमच्या घरातला विरोध मला नवा नाही. पण तुमच्या सगळ्या प्रश्नांच्या आधी मी तुम्हालाच एक प्रश्न विचारते. तुमच्या मुलीने गेल्या वर्षभरात किती सामने खेळले?

पदकं किती, प्रमाणपत्रं किती, हे मला नकोय. सामने हवेत. गेल्या वर्षी माझ्याकडे एक मुलगी आली. हाताला जड लागेल अशी फाईल, तालुका, जिल्हा, विभाग, सगळी प्रमाणपत्रं प्लास्टिकमध्ये नीट लावलेली. आम्ही बसून मोजलं, तर वर्षात सामने नऊ. त्यातले तीन वीस-वीस मिनिटांचे आणि दोन बाय मिळालेले, म्हणजे खेळलेच नव्हते. आपल्या शालेय स्पर्धा बाद पद्धतीच्या. पहिल्या फेरीत हरलात की पुढच्या वर्षीपर्यंत घरी. मग मुलगी वर्षभर सरावासाठी मांडलेल्या प्लास्टिकच्या शंकूंमधून चेंडू नेत राहते. ते तिला छान जमतं, पण अंगावर दोघी धावून आल्या की तिला काही सुचत नाही, कारण तो प्रसंग तिच्यावर वर्षातून चार-पाचदाच आलेला असतो.

हेच पुढे देशाच्या पातळीवर दिसतं. २०२२ साली १७ वर्षांखालील मुलींचा विश्वचषक आपल्याकडे झाला, अंतिम सामना नवी मुंबईत होता. आपल्या मुली अमेरिकेकडून ८-०, मोरोक्कोकडून ३-० आणि ब्राझीलकडून ५-० अशा हरल्या. मी ते तिन्ही सामने मुलींना शेजारी बसवून दाखवले. आपल्या मुली धावण्यात फार कमी नव्हत्या. पण पायाशी चेंडू आला की त्या आधी चेंडूकडे बघत आणि मग मान वर करत. समोरच्या मुली चेंडू येण्याआधीच दोन्ही खांद्यांवरून मागे पाहून घेत. कॅम्पमध्ये महिनोन्‌महिने ठेवून ही सवय लावता येत नाही. ती लहानपणापासून दर आठवड्याला सामना खेळून लागते.

थोरल्यांचीही तीच गोष्ट. इंडियन विमेन्स लीग २०१६-१७ च्या मोसमात सुरू झाली. २०२३-२४ मध्ये सात संघ होते, म्हणजे एका संघाला लीगचे १२ सामने. पुढच्या मोसमात आठ संघ आणि १४ सामने. त्याच काळात इंग्लंडच्या महिलांच्या वरच्या लीगमध्ये १२ संघ होते, प्रत्येकाला लीगचे २२ सामने, शिवाय दोन कपस्पर्धा. पाच-सहा मोसमांनंतर आपल्या आणि तिथल्या खेळाडूत केवढं अंतर पडत असेल, तुम्हीच हिशेब करा.

बाला देवीचं उदाहरण मी पालकांना नेहमी देते. मणिपूरची ही मुलगी १५ व्या वर्षी भारताकडून खेळायला लागली. भारताकडून सर्वांत जास्त गोल तिचे, ५० च्या वर. मणिपूर पोलिसांत नोकरी आणि सोबत फुटबॉल, असं तिचं वर्षानुवर्षं चाललं होतं. स्कॉटलंडच्या रेंजर्सने तिला १८ महिन्यांचा करार दिला तो जानेवारी २०२० मध्ये. परदेशी क्लबशी व्यावसायिक करार करणारी ती पहिली भारतीय महिला फुटबॉलपटू. तेव्हा ती तिशीला टेकली होती. नुसतं फुटबॉल खेळून पगार घ्यायला जिला पंधरा वर्षं थांबावं लागलं, ती आपली सर्वांत जास्त गोल करणारी खेळाडू होती. आणि करार झाल्यावर दोन महिन्यांतच कोरोनाने सगळे सामने बंद पाडले.

तिच्यानंतरच्या मुलींना वाट जरा लवकर सापडली. पंजाबच्या होशियारपूर जिल्ह्यातली मनीषा कल्याण आधी धावायची, बास्केटबॉल खेळायची, फुटबॉलकडे नंतर वळली. नोव्हेंबर २०२१ मध्ये ब्राझीलच्या मनाऊस शहरात आपण ६-१ ने हरलो, पण त्यातला आपला एक गोल तिचा होता, आठव्याच मिनिटाला, आणि त्या गोलने सामना १-१ वर आला होता. तिची विशीही पूर्ण झाली नव्हती. पुढच्याच वर्षी ती सायप्रसच्या अपोलॉन क्लबकडून युरोपच्या चॅम्पियन्स लीगमध्ये उतरली. तिथवर पोहोचलेली ती पहिली भारतीय. त्यानंतर ग्रीस, मग पेरू. तुमच्या मुलीला डोळ्यापुढे ठेवायला मी मनीषाचंच नाव सांगेन. घरचं कुणी फुटबॉलमधलं नव्हतं, ओळखी नव्हत्या. पण भारतातल्या चांगल्या क्लबांत ती सतत मैदानावर होती, बाकावर बसून राहिली नाही.

मनाऊसच्या त्या सामन्याची आणखी एक आठवण आहे. ब्राझीलच्या फोर्मिगाचा तो निरोपाचा सामना होता, ४३ व्या वर्षी. सात विश्वचषक आणि सात ऑलिंपिक. तिच्या जन्माच्या वेळी, १९७८ साली, ब्राझीलमध्ये बायकांनी फुटबॉल खेळायला कायद्याने बंदी होती. ती बंदी १९४१ पासून होती, १९७९ मध्ये उठली. आजोबांना हे जरूर सांगा. ‘हा बायकांचा खेळ नाही’ असं ब्राझीलसारख्या फुटबॉलवेड्या देशानेही कायदा करून सांगितलं होतं.

पण फोर्मिगाची गोष्ट लाखात एक. आता सर्वसाधारण कारकीर्द कशी असते ते ऐका. साधारण सतराव्या-अठराव्या वर्षी पहिला वरिष्ठ क्लब, विशीच्या आसपास मोठ्या संघाच्या कॅम्पचं बोलावणं, चोवीस ते एकोणतीस ही ऐन भरातली वर्षं, आणि तिशीनंतर दोन-तीन मोसम. सगळं जुळून आलं तर बारा-चौदा वर्षं. मध्ये एखादी मोठी दुखापत झाली तर त्यातलं एक वर्ष गेलंच.

इथे पालकांचा एक गैरसमज फार असतो. भारताकडून खेळणं ही नोकरी नाही. पगार देतो क्लब. देशाचा संघ तुम्हाला बोलावतो, कॅम्पमध्ये ठेवतो, भत्ता देतो, सामने झाले की परत पाठवतो. पुढच्या कॅम्पला नाव येईलच याची हमी नाही. प्रशिक्षक बदलला की यादी बदलते. आणि सगळं करूनही कधी नशीब आडवं येतं. २०२२ चा महिलांचा आशिया चषक आपल्या महाराष्ट्रात झाला, मुंबई, नवी मुंबई, पुणे. यजमान म्हणून आपल्याला थेट जागा होती. इराणशी ०-० असा सामना झाला आणि तीन दिवसांनी चायनीज तैपेईविरुद्ध (म्हणजे तैवान) उतरायला १३ निरोगी खेळाडूही उरल्या नाहीत, इतक्या जणींना कोरोना झालेला. स्पर्धेतून माघार घेतल्याचं धरलं गेलं. कित्येक जणींची अनेक वर्षांची तयारी एका दिवसात संपली. त्यातल्या काहींना पुन्हा संधी मिळाली. जुलै २०२५ मध्ये थायलंडमध्ये जाऊन, क्रमवारीत आपल्यापेक्षा बऱ्याच वर असलेल्या थायलंडला २-१ ने हरवून भारत पात्रता फेरीतून पहिल्यांदा आशिया चषकात पोहोचला. दोन्ही गोल संगीता बासफोरचे. त्या रात्री मी रडले, हे सांगायला मला काही वाटत नाही.

पैशाचं स्पष्ट सांगते. २०२३ साली अखिल भारतीय फुटबॉल महासंघाने ठरवलं की विमेन्स लीगच्या क्लबांनी किमान दहा भारतीय खेळाडूंशी वर्षाला किमान ३ लाख २० हजारांचा करार करावा. म्हणजे महिन्याला साधारण २६-२७ हजार. काही जणींना याच्या कितीतरी पट मिळतात, पण अशा मोजक्याच. जगात पैसा वाढतोय हे खरं. जानेवारी २०२५ मध्ये अमेरिकेच्या नेओमी गिर्माला घेण्यासाठी इंग्लंडच्या चेल्सी क्लबने ११ लाख डॉलर मोजले. पण हे आकडे बघून आपल्या पोरीचं गणित मांडू नका. आपल्याकडे आजही बहुतेक जणींचा आधार नोकरीच असते: पोलीस, रेल्वे, निमलष्करी दलं. पद्मश्री मिळालेल्या बेमबेम देवीही मणिपूर पोलिसांत होत्या. महाराष्ट्रात सरकारी नोकऱ्यांत खेळाडूंसाठी पाच टक्के आरक्षण आहे. त्यासाठी कोणत्या स्पर्धेचं, कितव्या क्रमांकाचं प्रमाणपत्र चालतं याचे नियम असतात आणि ते बदलतात. जिल्हा क्रीडा अधिकाऱ्यांच्या कार्यालयात जाऊन ताजा शासन निर्णय वाचून घ्या. माझ्या दोन मुली केवळ प्रमाणपत्राची पडताळणी वेळेत न केल्यामुळे भरतीतून बाहेर पडल्या.

आणि करार. माझी एक विद्यार्थिनी, अतिशय गुणी बचावपटू, १९ व्या वर्षी बाहेरच्या राज्यातल्या एका क्लबकडे गेली. सही केली ती हॉटेलच्या लॉबीत, उभ्या-उभ्या. तीन महिने पगार आला नाही. मी म्हटलं, कराराची प्रत पाठव. म्हणाली, “मॅडम, प्रत त्यांच्याकडेच आहे.” कागदच हातात नाही तर तक्रार कशावर करणार? आम्ही भांडलो, पण ते पैसे शेवटपर्यंत मिळाले नाहीत. तेव्हा तिच्यासोबत सहीला तुम्ही स्वतः जा. पगार कुठल्या तारखेला, दुखापत झाली तर ऑपरेशनचा आणि फिजिओचा खर्च कोणाचा, मोसम संपल्यावरच्या महिन्यांचे पैसे आहेत की नाहीत, ही तीन वाक्यं कागदावर दिसली पाहिजेत. आणि प्रत घेतल्याशिवाय तिथून उठायचं नाही.

आता गुडघा. इथे मी थोडं जास्त बोलणार आहे, कारण माझी कारकीर्द गुडघ्यानेच संपवली. २४ वर्षांची होते. हेडरसाठी उडी मारली, एका पायावर उतरले, आत काहीतरी ‘टक्’ झालं. कुणी धक्का मारला नव्हता, जवळपास कुणी नव्हतंच. संध्याकाळपर्यंत गुडघा नारळाएवढा. एमआरआय वगैरे कुणाच्या डोक्यात नव्हतं. बर्फ लावला, क्रेप बँडेज गुंडाळलं आणि तीन आठवड्यांनी पुन्हा खेळले. पुन्हा गेला. फाटलेलं होतं ते गुडघा आतून धरून ठेवणारं एसीएल लिगामेंट, हे मला कैक वर्षांनी कळलं.

मुलींमध्ये ही दुखापत मुलांपेक्षा दुप्पट किंवा त्याहूनही जास्त प्रमाणात होते. जगातल्या सर्वोत्तम खेळाडू सुटत नाहीत. स्पेनच्या अलेक्सिया पुतेयासचा गुडघा जुलै २०२२ मध्ये युरो स्पर्धेच्या तोंडावर गेला. इंग्लंडच्या बेथ मीड आणि लिआ विल्यमसन यांचा २०२३ चा विश्वचषक याच दुखापतीमुळे हुकला. परत यायला नऊ महिने ते वर्ष लागतं. पुतेयास परतली आणि विश्वचषक जिंकली, कारण तिच्या क्लबकडे डॉक्टर, फिजिओ, जिम सगळं होतं. आपल्याकडच्या मुलीला ऑपरेशन कसंबसं मिळतं, पण पुढचे नऊ महिने कुणी नसतं. म्हणून आपण जपायचं ते आधी.

घरी एक गोष्ट करून बघा. मुलीला जिन्याच्या दुसऱ्या पायरीवरून दोन्ही पायांनी खाली उडी मारायला सांगा आणि समोर बसून फक्त तिचे गुडघे बघा. उतरताना ते पायाच्या बोटांच्या रेषेत राहतात, की एकमेकांकडे आत झुकतात? उतरल्याचा आवाज मोठा येतो की मांजरासारखी हलकी उतरते? गुडघे आत येत असतील तर घाबरायचं कारण नाही. मांडीच्या मागचे आणि कमरेचे स्नायू कमी पडतायत, एवढाच त्याचा अर्थ, आणि ते सुधारतं. फिफाचा, म्हणजे फुटबॉलच्या जागतिक संघटनेचा, ‘इलेव्हन प्लस’ नावाचा वीस मिनिटांचा वॉर्मअप आहे, त्यात हेच येतं: धावणं, एका पायावर तोल, उडी मारून नीट उतरणं. नॉर्वेत १३ ते १७ वयाच्या जवळजवळ १,९०० मुलींवर त्याची चाचणी झाली, तिचे निष्कर्ष २००८ साली आले आणि दुखापती साधारण एक तृतीयांशाने कमी झालेल्या आढळल्या. त्याला साहित्य लागत नाही, पैसे लागत नाहीत. तरी मी शाळांमध्ये अजून हेच बघते की मैदानाला दोन फेऱ्या मारल्या की झाला वॉर्मअप. तुमच्या सरांना सांगा. ऐकत नसतील तर मुलीला वीस मिनिटं आधी पाठवा.

खाण्याचंही तसंच. पहाटे चहा-बिस्किटावर सरावाला येणाऱ्या मुली मी रोज बघते. साडेसातपर्यंत त्यांचे पाय जड होतात, आणि दमलेल्या पायावरच दुखापत होते. आदल्या रात्रीची भाकरी आणि शेंगदाण्याची चटणी खाऊन आली तरी चालेल, केळं तर कुठेही मिळतं. सराव संपल्यावर अर्ध्या-पाऊण तासात दूध, अंडी, उसळ, जे घरात असेल ते. रक्तातलं हिमोग्लोबिन सहा महिन्यांनी तपासा. आपल्या देशात १५ ते १९ वयाच्या निम्म्याहून जास्त मुलींना रक्तक्षय आहे, आणि तुमची मुलगी तर त्याउपर दिवसाला काही किलोमीटर धावते. पाळीच्या तारखा वहीत लिहायला लावा. दोन-तीन महिने पाळी आली नाही तर ‘खेळतेय म्हणून’ असं म्हणून सोडून देऊ नका, डॉक्टरांकडे न्या. खाणं कमी पडल्याची ती खूण असते आणि पुढे हाडांवर बेतते.

शाळा सोडायची नाही. दहावीला १७ नंबरचा फॉर्म भरून, म्हणजे बाहेरून परीक्षा देऊन, मोकळं करा, असं सांगणारे भेटतील. ठरलेल्या क्लबचा निवासी करार हातात असेल तर बोलू. नुसत्या आशेवर नको. शालेय स्पर्धा आणि सुब्रतो कप शाळेमुळेच खेळता येतात, शाळा सोडली की तेही सामने गेले. आणि हिंदी-इंग्रजी बोलता यायला हवं. कॅम्पमध्ये मणिपूर, तमिळनाडू, हरियाणा, झारखंडच्या मुली असतात. मैदानावर ओरडून सांगता आलं नाही तर विंगवरच्या मुलीला पास कोण देणार?

मुलगी बाहेरगावी जायला लागली की आणखी एक गोष्ट बघायची. संघासोबत बाई व्यवस्थापक आहे का, खोल्या कशा वाटल्यात, प्रशिक्षक मुलींना एकेकटं खोलीत बोलावतो का. २०२२ साली १७ वर्षांखालच्या भारतीय संघाच्या युरोप दौऱ्यावरून एका सहायक प्रशिक्षकाला लैंगिक गैरवर्तनाच्या आरोपावरून परत बोलावून काढून टाकलं होतं. देशाच्या संघात हे घडू शकतं तर कुठेही घडू शकतं. मुलीला एवढंच सांगून ठेवा की काही खटकलं तर आधी आईला फोन, निवड गेली तरी चालेल. आणि हे वाक्य तिच्या बाबांनी तिला सांगितलं तर जास्त बरं.

लग्नाचं तुम्ही विचारलं नाहीत, पण काका विचारतील. २०२१ पासून फिफाचा नियम आहे: करारबद्ध खेळाडूला किमान १४ आठवड्यांची बाळंतपणाची रजा, त्या काळात किमान दोन तृतीयांश पगार, आणि परतल्यावर संघात घेणं बंधनकारक. आइसलँडची सारा ब्योर्क गुन्नार्सदोत्तिर गरोदर असताना तिच्या फ्रेंच क्लबने पूर्ण पगार दिला नाही. ती फिफाकडे गेली आणि ८२ हजार युरोंहून जास्त रक्कम तिने मिळवली. आपल्याकडे आईपणानंतर परतलेल्या खेळाडू अजून विरळा. पण निदान नियम तरी कागदावर आहे. माझ्या वेळी साखरपुड्याच्या दिवशीच बूट माळ्यावर जायचे.

तर आत्ता काय करायचं? जन्मदाखला आणि आधारवरचं नाव-तारीख एकसारखी करून पासपोर्ट काढून ठेवा. कॅम्पचं नाव आल्यावर धावाधाव करून तो वेळेत मिळत नाही. महासंघाच्या नोंदणी प्रणालीत तिचं नाव कुठल्या क्लबकडे आहे ते तपासा, नसेल तर करून घ्या. सांगली-कोल्हापुरात दर आठवड्याला सामने खेळणारा मुलींचा क्लब मिळाला नाही, तर तिला मुलांच्या संघात सरावाला पाठवा. या वयात ते सहज चालतं, आणि तिथे तिला चेंडू लवकर सोडायला शिकावंच लागेल. डाव्या विंगला खेळते म्हणालात, तर उजव्या पायानेही क्रॉस मारायला लावा. पुढे राज्याच्या चाचणीत, आणि मोठी झाल्यावर राजमाता जिजाबाई करंडकाच्या राष्ट्रीय स्पर्धेत, निवड समितीसमोर तिला मोजकी मिनिटं मिळतील. त्यात चेंडू पाच-सहा वेळाच पायाशी येतो.

भारताकडून खेळेल का, हे मी सांगू शकत नाही. कुणी खात्रीने सांगत असेल तर त्याला पैसे देऊ नका. पण १४ व्या वर्षी सुरुवात उशिराची नाही. एक दोनशे पानी वही आणा. गेल्या वर्षीचे सामने आठवून तारखेसह लिहा, समोर कोण होतं आणि ती किती मिनिटं मैदानावर होती तेही. पुढच्या वर्षी तो आकडा तिप्पट कसा करायचा ते आपण बसून ठरवू. रविवारी सकाळी साडेसहाला तिला मैदानावर घेऊन या. वही सोबत असू दे, आणि जमलं तर तिच्या बाबांनाही आणा.